कात्रीमागचे नाव

गुरुग्रामच्या एखाद्या मॉलमध्ये शुक्रवारी रात्रीचा खेळ संपतो. शेवटचे दृश्य पडद्यावर विरते, दिवे लागतात आणि प्रेक्षक घाईघाईने मोटारतळाकडे निघतात. नोकरीच्या निमित्ताने दिल्लीच्या परिसरात स्थिरावलेली काही मराठी कुटुंबेही त्या गर्दीत असतात. बाहेर पडताना चर्चा चालते ती नायकाची, नायिकेची, फार तर दिग्दर्शकाची. मागे काळ्या पडद्यावर पांढऱ्या अक्षरांतील नावे सरकत राहतात आणि ती वाचायला सभागृहात सफाई कामगारांखेरीज कोणी उरलेले नसते. त्या नावांत ‘संकलन’ या शब्दापुढेही एक नाव असते. नुकत्याच पाहिलेल्या अडीच तासांतील प्रत्येक क्षण कोठे सुरू व्हावा आणि कोठे थांबावा, हे ज्या व्यक्तीने ठरविले तिचे ते नाव.

बँकेत काम करणाऱ्यांना हा अनुभव परका वाटू नये. दिवसअखेरीस हिशेब जुळला, तर तो कोणी जुळविला असे ग्राहक विचारीत नाही. एका रुपयाचा फरक राहिला, की मात्र शाखेतले दिवे रात्री उशिरापर्यंत जळतात. संकलकाचे तसेच आहे. काम बिघडले तर चित्रपट ‘लांबला’ किंवा ‘तुटक वाटला’ अशी तक्रार होते. साधले तर त्याचे श्रेय अभिनयाला किंवा कथेला जाते.

हिंदी चित्रपटसृष्टीत या अदृश्य कामाला ज्यांच्यामुळे चेहरा मिळाला, त्या रेणू सलुजा यांची ही कहाणी. पुण्यात शिकलेल्या आणि मुंबईत काम केलेल्या या संकलिकेने 4 राष्ट्रीय पुरस्कार मिळविले आणि वयाच्या 49व्या वर्षी जगाचा निरोप घेतला.

कापणे म्हणजे नेमके काय?

संकलन म्हणजे नको ते कापून टाकणे, असा सार्वत्रिक समज आहे. तो चुकीचा नाही, पण अपुरा आहे. रेणू सलुजा यांनी काम सुरू केले त्या काळात चित्रपट 35 मिलिमीटर रुंदीच्या फितीवर चित्रित होत असे. या फितीच्या एका फुटात 16 चित्रे मावतात आणि पडद्यावर एका सेकंदाला अशी 24 चित्रे सरकतात. म्हणजे एका मिनिटाला 90 फूट आणि अडीच तासांच्या चित्रपटाला साडेतेरा हजार फूट फीत लागते. चित्रण मात्र त्याच्या कितीतरी पट झालेले असते. तेच वाक्य नटाने चार वेळा म्हटलेले असते; तोच प्रसंग जवळून, दुरून, खिडकीतून आणि पाठीमागून टिपलेला असतो. ही सारी डबेबंद संपत्ती संकलकाच्या मेजावर येऊन पडते.

मग प्रत्येक तुकड्यावर खूण करायची, तो कापायचा, दुसऱ्याला पारदर्शक पट्टीने चिकटवायचा आणि जोड यंत्रावर चालवून पाहायचा. उरलेली शेपटे कापडी पिशवी लावलेल्या चौकटीवर टांगून ठेवायची, कारण उद्या त्यातलेच अर्धे सेकंद परत हवेसे वाटते. ध्वनीची फीत वेगळी असते. ती चित्राशी तंतोतंत जुळवावी लागते. हे सारे चालते ते कामचलाऊ प्रतीवर. अखेरीस फितीच्या कडेला छापलेल्या क्रमांकांच्या आधारे मूळ निगेटिव्ह त्याच हिशेबाने कापली जाते. तेथे चूक झाली तर ती दुरुस्त होत नाही.

या यांत्रिक कामाच्या पोटात खरे काम दडलेले असते. एखादी बाई दाराकडे पाहते आणि पुढच्याच क्षणी रिकामा रस्ता दिसतो. प्रेक्षक मनाशी म्हणतो, ती कोणाची तरी वाट पाहत आहे. रिकाम्या रस्त्याऐवजी पाळणा दिसला असता, तर त्याच चेहऱ्यावर त्याने वात्सल्य वाचले असते. चेहरा तोच, नटीचा अभिनय तोच, पण अर्थ दोन तुकड्यांच्या सांध्यातून निघाला. सोव्हिएत रशियातील लेव्ह कुलेशोव्ह यांनी शंभर वर्षांपूर्वी असाच एक प्रयोग केला होता आणि चित्रपटाच्या कोणत्याही वर्गात आजही तो सांगितला जातो.

मेजाशी बसलेल्या स्त्रिया

चित्रपटकलेच्या आरंभकाळात हे काम जगभर मोठ्या प्रमाणात स्त्रियांकडे होते. त्यामागे कौतुक कमी आणि सोय अधिक होती. तुकडे बेतणे आणि जोडणे हे शिवणकामासारखे, म्हणून ते बायकांचे, असा सरळ हिशेब होता. आपल्याकडेही त्याची सुरुवात घरातूनच झाली. दादासाहेब फाळके यांनी विम्याची पॉलिसी तारण ठेवून भांडवल उभे केले, 1912 साली लंडन गाठले आणि यंत्रसामग्री आणली. 3 मे 1913 रोजी ‘राजा हरिश्चंद्र’ प्रदर्शित झाला, तोवर दादरच्या घरात सरस्वतीबाई फाळके कोऱ्या फितीला अंधारात भोके पाडण्यापासून रसायने कालविण्यापर्यंत सारे काही शिकल्या होत्या. शिवाय चित्रपटाच्या साऱ्या मंडळींचा स्वयंपाक त्यांच्याकडेच होता. भारतातील पहिली संकलिका म्हणून आज त्यांचे नाव आदराने घेतले जाते. त्या काळच्या श्रेयनामावलीत ते शोधू नये.

युरोपातील चित्र फारसे निराळे नव्हते. 1929 सालच्या ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’ या मूकपटामुळे झिगा व्हर्टोव्ह हे नाव अजरामर झाले. तो चित्रपट जुळविणाऱ्या येलिझावेता स्विलोवा या त्यांच्या पत्नी. त्या चित्रपटात त्या स्वतः मेजाशी बसून फिती निवडताना आणि कापताना दिसतात, आणि संकलकाला पडद्यावर आणणारी ही दृश्ये आजही दुर्मिळच म्हणावी लागतील. फ्रान्समध्ये ज्याँ-लूक गोदार यांचा ‘ब्रेथलेस’ 1960 साली आला. ठरल्यापेक्षा लांब झालेला हा चित्रपट आखूड करताना संपूर्ण प्रसंग गाळण्याऐवजी चालू दृश्याच्या मधलेच तुकडे काढले गेले. पात्र बोलता बोलता किंचित ‘उडी’ मारते. या उडीने चित्रपटाची भाषा बदलली. तिचा शोध गोदार यांच्या नावावर जमा आहे. मेजाशी बसलेल्या सेसिल देक्युजिस यांचे नाव अभ्यासकांच्या बाहेर क्वचितच निघते. पुढे गोदार यांचे कित्येक चित्रपट आन्येस गिय्मो यांनी जुळविले.

इंग्लंडमधील ॲन कोट्स यांची गोष्ट अधिक प्रसन्न आहे. आधी परिचारिका म्हणून काम केलेल्या कोट्स यांच्याकडे डेव्हिड लीन यांनी ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ सोपविला. नायक जळत्या काडीवर फुंकर घालतो आणि क्षणार्धात वाळवंटातील सूर्योदय उजळतो, हा त्यातील प्रसिद्ध सांधा. मूळ योजनेनुसार एक दृश्य दुसऱ्यात हळूहळू विरघळायचे होते. परंतु तो परिणाम प्रयोगशाळेत तयार व्हायचा असल्याने कामचलाऊ प्रतीत दोन्ही तुकडे नुसतेच एकमेकांना जोडलेले होते. ते तसेच पाहताना उभयतांना उमगले, की विरघळण्याची गरजच नाही. 1962च्या या चित्रपटासाठी कोट्स यांना ऑस्कर मिळाले आणि नव्वदीत पोहोचेपर्यंत त्या काम करीत राहिल्या.

पुण्याचा रस्ता

हे सारे चित्रपट पाहण्याची सोय भारतात एका ठिकाणी होती, ती पुण्याच्या विधि महाविद्यालय रस्त्यावर. प्रभात फिल्म कंपनीच्या जुन्या आवारात 1960 साली केंद्र शासनाने चित्रपटशिक्षणाची संस्था सुरू केली. 1964 मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची स्थापना झाली आणि देशोदेशीच्या चित्रपटांच्या प्रती तेथे जमू लागल्या. ज्या प्रभातच्या ‘संत तुकाराम’ला 1937 साली व्हेनिसच्या महोत्सवात गौरव लाभला होता, त्याच आवारात आता आयझेनस्टाईन, गोदार आणि अंतोनिओनी यांच्यावर रात्र रात्र वाद रंगत.

5 जुलै 1952 रोजी एका पंजाबी कुटुंबात जन्मलेल्या रेणू सलुजा या संस्थेत आल्या त्या दिग्दर्शक होण्याच्या इच्छेने. थोरली बहीण राधा सलुजा याच संस्थेत अभिनय शिकून पडद्यावर पोहोचली होती. रेणू यांना मात्र दिग्दर्शनाच्या अभ्यासक्रमात प्रवेश मिळाला नाही, म्हणून त्यांनी संकलन घेतले. दुय्यम पर्याय म्हणून स्वीकारलेल्या विषयात माणसे पुष्कळदा आयुष्यभर मन मारून राहतात. येथे तसे घडले नाही. दिग्दर्शकाची नजर घेऊनच ही मुलगी कात्रीकडे वळली होती, आणि पुढे तिच्याबरोबर काम करणाऱ्या दिग्दर्शकांना याचाच सर्वाधिक लाभ झाला.

तो काळही अनुकूल होता. विधु विनोद चोप्रा, कुंदन शाह, सईद मिर्झा, केतन मेहता ही मंडळी त्याच सुमारास संस्थेत होती. चोप्रा यांची पदविकेसाठीची फिल्म ‘मर्डर ॲट मंकी हिल’ 1976 साली रेणू यांनी संकलित केली आणि तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. चोप्रा यांच्याशी त्यांचा विवाहही झाला. काही वर्षांनी ते विभक्त झाले. परंतु त्यांच्या चित्रपटांचे संकलन रेणू यांच्याकडेच राहिले. घरातील नाते संपले तरी मेजावरचे नाते टिकले, ही गोष्ट त्या दोघांविषयीही काही सांगते आणि त्या कामाविषयीही.

गाळलेला मारेकरी

मुंबईत आल्यावर सईद मिर्झा यांचा ‘अल्बर्ट पिंटो को गुस्सा क्यों आता है’ 1980 मध्ये आला आणि त्या मागोमाग 1983 साली दोन चित्रपट आले. एकमेकांपासून इतके दूर असलेले दोन चित्रपट एकाच व्यक्तीने एकाच वर्षी जुळविले, हे आज वाचतानाही आश्चर्य वाटते.

पहिला कुंदन शाह यांचा ‘जाने भी दो यारों’. राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या अर्थसाहाय्यातून, सात लाखांच्या आसपास खर्चात बनलेला. दोन भाबडे छायाचित्रकार एका उद्यानात काढलेला फोटो मोठा करीत नेतात आणि त्यात त्यांना खून दिसतो. ही कल्पना मायकेलअँजेलो अंतोनिओनी यांच्या 1966 सालच्या ‘ब्लो-अप’ला केलेला खट्याळ नमस्कार होता, त्या उद्यानाचे नावच ‘अंतोनिओनी पार्क’ ठेवले आहे. पुण्याच्या संग्रहालयात पाहिलेला युरोप असा मुंबईच्या बिल्डर आणि महापालिकेच्या गोष्टीत येऊन बसला.

विनोदी चित्रपटाचे संकलन हे अत्यंत कठीण काम. अश्रू थोडे उशिरा आले तरी चालतात. हसू अर्ध्या सेकंदाने चुकले तर येतच नाही. शेवटाकडच्या महाभारत नाटकाच्या प्रसंगात रंगमंचावर द्रौपदीच्या वेशात एक प्रेत उभे आहे, ते पळविण्यासाठी अर्धा डझन माणसे वेशांतर करून घुसली आहेत, खरे नट गोंधळले आहेत आणि प्रेक्षक टाळ्या वाजवीत आहेत. कोण कोणाला पाहतो, कोणाला काय ठाऊक आहे आणि प्रेत त्या क्षणी कोणाच्या हाती आहे, हे पाहणाऱ्याला एकदाही विचारावे लागत नाही. तो गोंधळ वाटतो, पण त्यात गोंधळ कोठेच नाही.

या चित्रपटासाठी चित्रित केलेल्यापैकी पुष्कळ भाग अंतिम प्रतीत आलाच नाही. त्यात एक अख्खी भूमिका होती. ‘डिस्को किलर’ नावाचा एक विक्षिप्त मारेकरी एका तरुण, तोवर फारसे कोणाला ठाऊक नसलेल्या नटाने रंगविला होता. चित्रपट लांबत होता आणि मारेकरी मूळ कथेला आवश्यक नव्हता. तो संपूर्ण गळला. तो नट होता अनुपम खेर. पुढच्याच वर्षी ‘सारांश’ आला आणि त्यांना सारा देश ओळखू लागला. नवख्या नटाची पहिली संधी आपल्या हातून पिशवीत जाते आहे, हे ठाऊक असताना ते करावे लागणे हे या व्यवसायातले खरे ओझे आहे. दिग्दर्शकाला आपल्या श्रमांचा मोह असतो, निर्मात्याला खर्चाचा. ज्या दृश्यासाठी दोन रात्री जागून काढल्या ते टाकून द्या, असे तोंडावर सांगणारी एकच व्यक्ती त्या खोलीत असते.

त्याच वर्षीचा दुसरा चित्रपट गोविंद निहलानी यांचा ‘अर्धसत्य’. श्री. दा. पानवलकर यांची ‘सूर्य’ ही कथा, विजय तेंडुलकर यांची पटकथा, दिलीप चित्रे यांची कविता आणि रामा शेट्टीच्या भूमिकेत सदाशिव अमरापूरकर असा हा जवळजवळ मराठी ऐवज. ओम पुरी यांचा फौजदार वेलणकर आतल्या आत धुमसत असतो. अशा चित्रपटात संकलकाने घाई केली तर धुमसणे नाहीसे होते आणि उरते ती मारामारी. रेणू यांनी वेलणकराचे मौन राहू दिले. कापण्याइतकेच न कापण्यालाही धैर्य लागते, याचा प्रत्यय त्यात येतो.

कबुतरे आणि बंदुका

पुढील दशकातील नावे वाचली तरी आवाका ध्यानात येतो: ‘मोहन जोशी हाजिर हो’, ‘खामोश’, दिल्लीच्या वृत्तपत्रविश्वावरील ‘न्यू देल्ही टाइम्स’, ‘पेस्तनजी’. मग 1989 साली ‘परिंदा’ आला.

विधु विनोद चोप्रा यांच्या या चित्रपटाने हिंदीतील गुन्हेगारीपटाला वेगळे वळण दिले, यावर बहुतेकांचे एकमत आहे. नाना पाटेकर यांचा अण्णा विसरता येत नाही. दादरच्या कबुतरखान्याजवळ भर दिवसा एका पोलीस अधिकाऱ्याला गोळ्या घातल्या जातात. गोळीचा आवाज, शेकडो पंखांची फडफड आणि कोसळणारे शरीर यांच्या लहान लहान तुकड्यांतून तो मृत्यू आपल्यापर्यंत पोहोचतो. अखेरीकडे नवपरिणीत जोडप्याची हत्या होते ती नववर्षाच्या मध्यरात्री. शहरभर जल्लोष आहे आणि बोटीवर मृत्यू आहे. दोन्ही एकमेकांत विणले गेल्यामुळे आनंदाचा प्रत्येक आवाज अंगावर येतो. हिंसाचाराचे इतके परिणामकारक चित्रण त्यापूर्वी हिंदीत फारसे झाले नव्हते, आणि त्यात रक्त दाखविण्यापेक्षा रक्ताची चाहूल अधिक आहे. त्या वर्षी नाना पाटेकर यांना सहायक अभिनेत्याचा आणि रेणू सलुजा यांना संकलनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

पुढे सुधीर मिश्रा यांचा ‘धारावी’, केतन मेहता यांचा तेंडुलकरलिखित ‘सरदार’ आणि विनय शुक्ला यांचा ‘गॉडमदर’ यांसाठी हाच सन्मान त्यांना लाभला. टॅक्सीचालकाची फसलेली स्वप्ने, देशाच्या फाळणीचा काळ, सौराष्ट्रातील टोळीयुद्ध असे तीन अगदी भिन्न विषय. सुधीर मिश्रा यांची साथ त्यांना पडद्यामागेही लाभली.

1994 हे वर्ष तर विलक्षणच. गोव्यातील एका पराभूत पण हसऱ्या तरुणाची गोष्ट सांगणारा ‘कभी हां कभी ना’, पंचमदांच्या संगीताने गाजलेला ‘1942 : अ लव्ह स्टोरी’ आणि शेखर कपूर यांचा ‘बँडिट क्वीन’ हे तिन्ही चित्रपट त्यांच्या मेजावरून गेले. ‘बँडिट क्वीन’मागे ब्रिटनच्या चॅनेल फोर या वाहिनीचे पाठबळ होते आणि त्या वर्षी कान येथील महोत्सवात तो दाखविला गेला. पुण्यात युरोपचे चित्रपट पाहून शिकलेल्या विद्यार्थिनीने जुळविलेला चित्रपट आता युरोपातील प्रेक्षक पाहत होते. त्यातील अत्याचाराची दृश्ये हा वादाचा विषय झाला. फूलन देवी यांनीही चित्रपटाला आक्षेप घेतला होता. अशी दृश्ये किती काळ दाखवायची हा प्रश्न संकलकासाठी केवळ तंत्राचा राहत नाही. एका जिवंत स्त्रीचे दुःख पडद्यावर किती सेकंद टिकावे, याचे उत्तर शेवटी फुटांत आणि चित्रांत द्यावे लागते.

हे गंभीर काम चालू असतानाच सुभाष घई यांचा ‘परदेस’ही त्यांनी संकलित केला. समांतर चित्रपट आणि व्यावसायिक चित्रपट या भिंतीच्या दोन्ही बाजूंना सारख्याच सहजतेने वावरणारी माणसे त्या काळात मोजकीच होती.

शेवटचे रीळ

नव्वदच्या दशकात कात्री आणि चिकटपट्टी मागे पडू लागली आणि संकलन संगणकावर गेले. तुकडा शोधण्यासाठी पिशवी उपसण्याची गरज उरली नाही. एक कळ दाबली की हवे ते समोर येते. जोड दहा प्रकारे करून पाहता येतो आणि मोडताही येतो. सोय मोठी झाली, मात्र फीत कापण्यापूर्वी हात क्षणभर थांबत असे, तो क्षण नाहीसा झाला. जुन्या संकलकांपैकी अनेकांनी ही हळहळ बोलून दाखविली आहे, आणि ती अगदीच अनाठायी म्हणता येणार नाही.

2000 सालच्या आरंभी कमल हासन यांचा ‘हे राम’ प्रदर्शित झाला. फाळणीच्या दंगलींपासून गांधीहत्येपर्यंतचा तो विस्तीर्ण पट रेणू सलुजा यांनीच जुळविला होता. त्याच वर्षी 16 ऑगस्ट रोजी पोटाच्या कर्करोगाने मुंबईत त्यांचे निधन झाले. पुण्याच्या संस्थेतील माजी विद्यार्थ्यांच्या संघटनेने त्यांच्या कामावर एक इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध केला. त्याचे नाव ‘इन्व्हिजिबल’, म्हणजे अदृश्य. त्यांच्यानंतर आरती बजाज, दीपा भाटिया, नम्रता राव अशा संकलिकांची नावे हिंदी चित्रपटांच्या श्रेयनामावलीत सातत्याने दिसू लागली.

दिग्दर्शनाची जी इच्छा घेऊन रेणू सलुजा पुण्याला आल्या होत्या, ती अपुरीच राहिली.

‘जाने भी दो यारों’ची जीर्ण झालेली प्रत पुढे संगणकाच्या साहाय्याने दुरुस्त करण्यात आली आणि नोव्हेंबर 2012 मध्ये देशातील निवडक चित्रपटगृहांत तो पुन्हा झळकला. जे तो प्रथम प्रदर्शित झाला तेव्हा जन्मलेही नव्हते, अशा तरुणांनी तो मोठ्या पडद्यावर पाहिला आणि महाभारताच्या प्रसंगाला ते हसले. डिस्को किलर त्या प्रतीतही नव्हता.